रेडिस बसवण्याआधी भाचीला

पोरी, ताईकडून कळलं की शेतीसेवा केंद्राच्या भावांच्या पानाला तू रेडिस जोडायला घेतलंयस. चांगलं केलंस. सकाळी लिलाव सुरू झाले की कुंभेफळ-शेंद्र्यापासून लाडसावंगीपर्यंतची माणसं एकाच वेळी तेच पान उघडतात, आणि पीएचपी प्रत्येकासाठी मायएसक्यूएलला तोच प्रश्न नव्यानं विचारते: अद्रकीची आवक किती, किमान दर काय, कमाल काय, सर्वसाधारण काय. उत्तर सगळ्यांना एकच. किराणा दुकानदार रोज खपणारी साखर गल्ल्याजवळच्या डब्यात ठेवतो आणि पोती मागच्या गोदामात. रेडिस हा तो डबा, मायएसक्यूएल हे गोदाम. दहा मिनिटांपुरतं उत्तर मेमरीत ठेवलंस तरी मागच्या फेऱ्या वाचतात.

हा उपाय चांगला मुरलेला आहे. शाळेत असताना तू ज्या मराठी विकिपीडियावरून माहिती उतरवून घ्यायचीस, तो १ मे २००३ ला सुरू झाला. तो मीडियाविकीवर चालतो, मीडियाविकी पीएचपीत लिहिलेली आहे, आणि विकिपीडियाच्या सर्व्हरांवर मेमकॅश्ड हेच काम करतं. मेमकॅश्ड ब्रॅड फिट्झपॅट्रिक यांनी २००३ मध्ये लाइव्हजर्नलसाठी लिहिलं. रेडिस इटलीच्या साल्वातोरे सानफिलिप्पो यांनी २००९ मध्ये आणलं. नुसता मजकूर ठेवून परत द्यायचा असेल तर दोन्ही चालतात. यादी, मोजणी, क्रमवारी असलं काही पुढं लागणार असेल तर रेडिसच घे.

आता कामाचं. मी आज्ञा उच्चाराप्रमाणे लिहितोय, टाइप करताना अर्थात इंग्रजी अक्षरं.

माझ्या वरिष्ठांनी मला पहिल्यांदा सांगितलं आणि मी आजवर प्रत्येक नव्या माणसाला सांगत आलोय ते हे: रेडिस म्हणून दोन वेगळ्या गोष्टी बसवायच्या असतात. एक रेडिस सर्व्हर, जो स्वतंत्रपणे चालतो आणि ६३७९ या पोर्टवर ऐकतो. दुसरं पीएचपीचं एक्स्टेन्शन, म्हणजे पीएचपीरेडिस, ज्याच्यामुळं पीएचपीला त्या सर्व्हरशी बोलता येतं. निम्मी पोरं एक बसवतात आणि दुसरं का चालत नाही म्हणून डोकं धरून बसतात. आधी सर्व्हर बसव. मग ‘रेडिस-सीएलआय पिंग’ असं दे. उत्तर ‘पाँग’ आलं की सर्व्हर जिवंत आहे. ते आल्याशिवाय पीएचपीला हात लावू नकोस.

त्यानंतर एक्स्टेन्शन. इथं स्वतःला एकच प्रश्न विचार: माझं पान कोणती पीएचपी चालवते? एका मशीनवर दोन-तीन पीएचपी सहज असतात. टर्मिनलवर ‘पीएचपी डॅश व्ही’ दिलंस तर ८.३ दिसेल, आणि ब्राउझरमधलं पान मात्र ८.१ वर चाललेलं असेल. टर्मिनलमधली पीएचपी आणि वेबची एफपीएम या दोघींच्या इनी फायली उबुंटू-डेबियनवर वेगवेगळ्या फोल्डरात असतात, एक सीएलआयच्या, दुसरी एफपीएमच्या. म्हणून टर्मिनलवर ‘पीएचपी डॅश एम’च्या यादीत रेडिस दिसलं तरी तेवढ्यावर विश्वास ठेवू नकोस. एक छोटी फाइल कर, तिच्यात पीएचपीइन्फो हे फंक्शन बोलाव आणि ती ब्राउझरमधून उघड. त्या पानावर वरच्या भागात आवृत्ती, ‘सर्व्हर एपीआय’, ‘लोडेड कॉन्फिगरेशन फाइल’ आणि जादा इनी फायलींचं फोल्डर लिहिलेलं असतं. या चार ओळी वहीत उतरव. मग ती फाइल लगेच पुसून टाक. तुझ्या सर्व्हरची सगळी कुंडली त्या पानावर असते, ती रस्त्यावर टांगून ठेवायची नसते.

आवृत्ती कळली की पॅकेजचं नाव आवृत्तीसकट माग. ‘पीएचपी-रेडिस’ असं मोघम नाव दिलंस तर मशीनला जी पीएचपी मुख्य वाटते तिच्यासाठी ते बसतं. बाहेरच्या भांडारातून दोन-तीन पीएचपी आणल्या असतील तर ‘पीएचपी८.१-रेडिस’ असंच लिही. पॅकेज मिळत असताना पेकलच्या, म्हणजे एक्स्टेन्शन आपल्याच मशीनवर बांधायच्या, वाटेला जाऊ नकोस. पॅकेजला सुरक्षेच्या दुरुस्त्या आपोआप येतात, इनी फाइल योग्य जागी पडते, काढायचं झालं तर एका आज्ञेत निघतं.

पेकलनं बांधायचीच वेळ आली तर एक अट पक्की. पीएचपीआइझ नावाची आज्ञा त्याच आवृत्तीची असली पाहिजे जिच्यासाठी तू बांधते आहेस. पीएचपीच्या प्रत्येक आवृत्तीला आतला एक एपीआय क्रमांक असतो. ८.१ चा २०२१०९०२, ८.२ चा २०२२०८२९, ८.३ चा २०२३०८३१. डेबियन-उबुंटूवर एक्स्टेन्शनची फोल्डरं याच आकड्यांनी असतात, एकदा उघडून बघ. चुकीच्या पीएचपीआइझनं बांधलेलं एक्स्टेन्शन बांधताना तक्रार करत नाही. सगळं हिरवंगार दिसतं, आणि पीएचपी सुरू करताना दोन एपीआय क्रमांक जुळत नाहीत असा इशारा येतो. तो इशारा दिसला की गूगल करत बसू नकोस, दोन्ही आकडे वाच. कोणत्या पीएचपीसाठी बांधलं आणि कोणती ते वापरायला बघतेय, हे त्या आकड्यांतच लिहिलेलं असतं.

पेकल बांधताना मध्येच विचारतं, इगबायनरी हवं का, झेडस्टँडर्ड हवं का. पहिल्यांदा सगळ्याला नाही म्हण. इगबायनरीमुळं साठवलेला माल कमी जागा घेतो हे खरं, पण मग इगबायनरीचं एक्स्टेन्शन रेडिसच्या आधी लोड व्हावं लागतं. क्रम उलटा पडला तर इगबायनरीचं अमुक चिन्ह सापडत नाही म्हणून रेडिस लोडच होत नाही. म्हणूनच त्या इनी फायलींच्या नावांपुढं २०, २५ असे आकडे असतात. आकडा लहान ती आधी. त्या आकड्यांना विनाकारण हात लावायचा नाही.

तुझ्या लॅपटॉपवर विंडोज आणि एक्सएएमपीपी आहे, तिथली गोष्ट वेगळी. तिथं तयार डीएलएल मिळते, पण ती निवडताना चार गोष्टी जुळाव्या लागतात: पीएचपीची आवृत्ती, ६४ बिट की ३२, थ्रेड सेफ आहे की नाही, आणि कोणत्या व्हिज्युअल स्टुडिओनं बांधलेली. चारही उत्तरं पीएचपीइन्फोच्या पानावर असतात. एक्सएएमपीपीतली अपाची पीएचपीला मॉड्यूल म्हणून चालवते, म्हणून तिथं थ्रेड सेफच लागते. डीएलएल एक्स्ट फोल्डरात टाक, इनीत एक्स्टेन्शनची ओळ लिही, अपाची बंद करून सुरू कर. रेडिस सर्व्हर मात्र विंडोजवर थेट घेऊ नकोस. मायक्रोसॉफ्टनं पूर्वी काढलेली आवृत्ती ३ च्या घरातच थांबली आहे. डब्ल्यूएसएल चालू कर आणि त्यातल्या उबुंटूवर सर्व्हर बसव.

कोणत्याही मशीनवर, इनी बदलली की पीएचपी पुन्हा सुरू करायची. एफपीएम असेल तर एफपीएम, अपाचीचं मॉड्यूल असेल तर अपाची. एनजिनएक्स रीस्टार्ट करून एक्स्टेन्शन येत नाही, कारण ते एनजिनएक्सचं नाहीच.

चुका वाचायला शीक. ‘क्लास रेडिस नॉट फाउंड’ म्हणजे एक्स्टेन्शन या पीएचपीला लागलेलं नाही, सर्व्हरचा काही संबंध नाही. ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ म्हणजे एक्स्टेन्शन ठीक आहे, पण त्या पत्त्यावर सर्व्हर ऐकत नाही. डॉकरमध्ये काम करत असशील तर १२७.०.०.१ हा पत्ता त्या कंटेनरच्या आतलाच धरला जातो, रेडिसच्या कंटेनरचं नाव द्यावं लागतं. ‘नोऑथ’ म्हणजे पासवर्ड दिला नाहीस. आणि ‘मिसकॉन्फ’ नं सुरू होणारा निरोप आला तर रेडिसला डिस्कवर प्रत लिहिता आलेली नाही आणि म्हणून त्यानं नवं काही घ्यायचं थांबवलंय. बहुतेक वेळा डिस्क भरलेली असते किंवा फोल्डरच्या परवानग्या बिघडलेल्या असतात. आधी डिस्क बघ.

आता सुरक्षेचं. हे मी पाठ करून घ्यायला सांगतोय. रेडिस इंटरनेटवर उघडं ठेवायचं नाही. पॅकेजनं बसवलेलं रेडिस सहसा १२७.०.०.१ वरच ऐकतं, आणि ३.२ आवृत्तीपासून त्याला संरक्षित मोडही आहे. दुसऱ्या मशीनवरून जोडता येत नाही म्हणून कुणी तरी सल्ला देतं, बाइंडची ओळ काढ आणि संरक्षित मोड बंद कर. असा सल्ला ऐकू नकोस. उघड्या रेडिसमधून सर्व्हरवर स्वतःच्या एसएसएच चाव्या लिहून घुसणारे आणि तुझ्या मशीनवर नाण्यांची खाणकामं चालवणारे लोक दिवसरात्र पोर्टं चाचपत असतात. मेमकॅश्डचंही तेच. २८ फेब्रुवारी २०१८ ला गिटहबवर १.३५ टेराबिट प्रतिसेकंदाचा मारा झाला, तो जगभर यूडीपीवर उघड्या राहिलेल्या मेमकॅश्ड सर्व्हरांचाच वापर करून. ज्यांची ती मशीनं होती त्यांना पत्ताही नव्हता. आणखी एक लक्षात ठेव: डॉकरनं पोर्ट बाहेर उघडलं तर यूएफडब्ल्यूचा नियम त्याला अडवत नाही. फायरवॉल लावली म्हणून निर्धास्त राहू नकोस, बाहेरच्या मशीनवरून ६३७९ ला जोडून बघ. जोडलं गेलं नाही की मगच झोप.

मेमरीची मर्यादाही पहिल्याच दिवशी बांध. ६४ बिट मशीनवर रेडिसला मुळात मर्यादा नसते, ते वाढत जातं आणि लिनक्स शेवटी कुणाला तरी मारतं. मारलं जातं ते बहुधा मायएसक्यूएल, कारण तेही जाडजूड असतं. ‘मॅक्समेमरी’ दे आणि सोबत धोरणही दे. मूळ धोरण ‘नोइव्हिक्शन’ असतं, म्हणजे भरलं की नवं घ्यायला नकार. कॅशसाठी ‘ऑलकीज-एलआरयू’ ठेव, म्हणजे बराच काळ न वापरलेला माल आपोआप बाहेर जातो. पण लॉगिनची सेशनं त्याच रेडिसमध्ये टाकू नकोस. जागा कमी पडली की रेडिस सेशनंही बाहेर काढेल, आणि लिलावाच्या ऐन वेळी केंद्रातला पोरगा नोंद करता करता लॉगआउट होईल. सेशनसाठी दुसऱ्या पोर्टवर वेगळं रेडिस चालव. रेडिसच्या आत ० ते १५ असे सोळा कप्पे मिळतात, पण मेमरीची मर्यादा सगळ्यांची मिळून एकच असते, म्हणून कप्पा बदलून हे काम होत नाही.

काय ठेवायचं आणि काय नाही, याची कसोटी मी सांगतो. रेडिस आत्ता या क्षणी रिकामं झालं तर कुणाचं नुकसान होईल का? भाव, हवामानाचा तक्ता, गावांची यादी, मुख्य पान: काही नुकसान नाही, पुन्हा काढता येईल. शेतकऱ्याची हिशेबपट्टी, अडत्याकडं किती रक्कम थकली, कुणी किती उचल घेतली: यातलं काहीही रेडिसमध्ये एकमेव प्रत म्हणून राहता कामा नये. रेडिस डिस्कवर प्रत घेतं हे मला माहीत आहे, पण ती ठरावीक अंतरानं घेतं. मधल्या मिनिटांत वीज गेली, मशीन पडली, तर तेवढी मिनिटं गेली. ज्याच्या मालाचे पैसे त्या मिनिटांत नोंदले गेले त्याला तू काय सांगणार? पैशाचं पहिलं लिखाण मायएसक्यूएलमध्ये, ते पक्कं झालं की मग रेडिसमधली जुनी प्रत पूस. क्रम हाच.

रेडिसमध्ये माल ज्या नावाखाली ठेवतेस ती त्याची किल्ली. प्रत्येक किल्लीला मुदत दे. मुदतीशिवाय ठेवलेली एकही किल्ली नको. किल्लीचं नाव असं ठेव की सहा महिन्यांनी बघणाऱ्यालाही कळेल: आधी साइटचं नाव, मग विषय, मग बाजार, मग तारीख, मध्ये विसर्गासारखी दोन टिंबं. साइटचं नाव पुढं असलं की एकाच सर्व्हरवरच्या दोन साइटी एकमेकींवर लिहीत नाहीत. आणि ‘फ्लशऑल’ ही आज्ञा चालू सर्व्हरवर द्यायची नाही. तू तुझी कॅश पुसायला जाशील आणि शेजारच्या साइटचीही पुसशील. ‘कीज’पुढं चांदणी लावून सगळ्या किल्ल्यांची यादीही मागू नकोस. रेडिस आज्ञा एकापाठोपाठ एक घेतं, ती मोठी यादी निघेपर्यंत बाकी सगळे ताटकळतात. ‘स्कॅन’ वापर, ते थोडं थोडं देतं.

आता एक बारीक गोष्ट. ही मी एका भावांच्या साइटवर पाहिलेली आहे. अमावास्येला बाजार बंद, आवक शून्य. त्यांनी शून्य रेडिसमध्ये नीट ठेवलं होतं. पण परत घेताना कोडमध्ये लिहिलं होतं: जर काही मिळालं नाही तर डेटाबेसला विचार. पीएचपीच्या लेखी ‘०’ हा मजकूरही ‘नाही’च असतो. त्यामुळं बंदच्या दिवशी प्रत्येक पानउघडीला कॅश सापडायची, शून्य मिळायचं, पीएचपी ते रिकामं समजायची आणि मायएसक्यूएलकडं धावायची. बाजार चालू असलेल्या दिवशी साइट पळायची आणि बंदच्या दिवशी रांगायची. मंडळी सर्व्हर बदलायच्या गोष्टी करत होती. किल्ली नसेल तेव्हा पीएचपीरेडिस ‘फॉल्स’ देतं. म्हणून तपासायचं ते तीन बरोबर-चिन्हांनी, नेमकं ‘फॉल्स’ आहे का असं. उद्गारचिन्ह लावून नाही. तुझ्या पानावर आवक हा रकाना आहेच, तेव्हा हे तुला पहिल्याच अमावास्येला भेटणार.

सकाळच्या गर्दीचाही एक पेच आहे. दहा मिनिटांची मुदत संपली त्या क्षणी शंभर जण पानावर असतील, तर शंभरही जणांना कॅश रिकामी दिसेल आणि शंभर प्रश्न एकदम मायएसक्यूएलवर पडतील. यावर दोन उपाय. मुदती एकसारख्या ठेवू नकोस, दहा मिनिटांत थोडे सेकंद इकडंतिकडं कर, म्हणजे सगळ्या शेतमालांची मुदत एका ठोक्याला संपणार नाही. आणि कॅश भरायच्या आधी एक कुलूप किल्ली टाक, ‘एनएक्स’ आणि थोड्या सेकंदांची मुदत देऊन. ‘एनएक्स’ म्हणजे आधीपासून नसेल तरच लिही. ज्याला लिहिता आलं तोच डेटाबेसला विचारेल, बाकीच्यांना क्षणभर जुना भाव दाखव, त्यासाठी त्याची जास्त मुदतीची प्रत दुसऱ्या किल्लीत ठेव. भाजीच्या लिलावात दहा मिनिटांपूर्वीचा भाव चालतो. पण पानावर ‘इतक्या वाजताचा भाव’ असं ठळक लिही. माणूस त्या आकड्यावर गाडी भरायची की नाही ते ठरवतो.

जोडणी करताना वेळमर्यादा स्वतः दे, एक सेकंद पुरे. आणि सगळं रेडिसचं काम ट्राय-कॅचमध्ये ठेव. रेडिस पडलं तर पान हळू चालावं, बंद पडू नये.

नावांच्या गोंधळाबद्दलही थोडं. मार्च २०२४ मध्ये रेडिसचा परवाना बदलला, त्यावर लिनक्स फाउंडेशनच्या छत्राखाली वाल्की नावाची वेगळी शाखा निघाली. फेडोरानं ४१ पासून रेडिसच्या जागी वाल्कीच दिलं. पुढं रेडिस ८ ला पुन्हा मुक्त परवाना मिळाला. तुझ्या कोडला यानं फारसा फरक पडत नाही, पीएचपीरेडिस दोघांशीही तसंच बोलतं. भाड्याच्या सर्व्हरवर रेडिसऐवजी वाल्की दिसलं तर घाबरू नकोस.

स्वस्तातल्या शेअर्ड होस्टिंगवर मात्र हा सगळा खटाटोप करू नकोस. तिथं पॅनेलवर रेडिसच्या एक्स्टेन्शनवर टिचकी मारता येते, पण मागं सर्व्हर दिलेला असतोच असं नाही. विचारून घे. नसेल तर फाइलमध्ये ठेवलेली कॅश किंवा एपीसीयू यावर भावांचं पान व्यवस्थित चालतं.

सगळं झालं की दुपारी, लिलाव संपल्यावर, रेडिस मुद्दाम बंद कर आणि मोबाइलवरून पान उघड. भाव दिसले पाहिजेत. मग रेडिस सुरू कर, आणि आठवडाभर चालू दे. त्यानंतर ‘इन्फो स्टॅट्स’ दिलंस की किती वेळा किल्ली सापडली आणि किती वेळा नाही, असे दोन आकडे दिसतील. ते दोन्ही मला पाठव, त्यावरून दहा मिनिटं ठेवायची की पंधरा, ते ठरवू.